पाच आंडोर, सहा बाजू

धर्मेंद्रने कटरचं पातं तिरपं केलं, बाजूची खिट्टी सैल सोडली आणि कपाळावरचा घाम दंडाला पुसत विचारलं, "टोकं किती डिग्रीत मारू, मॅडम? एकदा मारली की मारली. ग्रॅनाइट आहे, कापड नाही उसवून परत शिवायला."

दिपमाला छत्तीस सांगायला आली होती. घरून निघताना छत्तीस, रिक्षात छत्तीस, धुळ्याच्या त्या उन्हात दगडाच्या दुकानाशी उतरली तेव्हाही छत्तीसच. पाच बाजूंचा ओटा, दर कोपऱ्यावर बहात्तर अंशांचं वळण, कोपऱ्यात दोन फरश्या एकमेकींना भिडणार, म्हणून बहात्तरचे निम्मे. नववीतलं पोरगंही सांगेल.

"तीस," ती म्हणाली.

धर्मेंद्रने वर पाहिलं. तो राजस्थानातून पोरवयात आलेला, पण दगडाच्या बाबतीत त्याचे कान मराठीच होते. "प्रेमराजभाऊ फोनवर छत्तीस का काय बोलले होते. म्हणाले, बहीण येऊन पक्कं सांगेल."

"मीच ती बहीण. तीस. दोन्ही टोकांना. आणि फरश्या सहा काप."

"ते तर पाच बोलले."

"पाच त्यांच्या. सहावी मी सांगतेय. लांबी-रुंदी तीच, अक्षर तेच. नाव लिहून घे, दिपमाला झुलाल."

"आडनाव?"

"एवढंच."

धर्मेंद्रला काय, त्याला दगड कापायचा होता. त्याने खिट्टी तिसावर आवळली आणि पाणी सोडून मशीन चालू केली. त्या आवाजात दिपमाला आणखी काही बोलली असती तरी कुणाला ऐकू गेलं नसतं. ती रागात होती. तो राग फाल्गुनापासून पोटात होता आणि आज पहिल्यांदा त्याला तोंड फुटलं होतं.

फाल्गुनात प्रेमराजचा फोन आला होता. प्रेमराज थोरला भाऊ. त्याच्या पाठची दिपमाला, मग रतिलाल, रुपचंद, साहेबराव आणि शेंडेफळ समाधान. घर पारोळ्यापलीकडच्या गावात, शेत गावाला लागून. आबा, म्हणजे झुलाल पाटील, गेल्या पावसाळ्यात गेले आणि बांधावर ज्या जागी त्यांना अग्नी दिला तिथे ओटा बांधायचं पोरांनी ठरवलं. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आबांच्या नावाने पहिली घागर भरायची, त्याआधी ओटा उभा राहायला हवा होता.

"साधा चौकोनी नही करनारे आम्ही," प्रेमराज फोनवर म्हणाला. "असा चौकोन तं गावमा बठ्ठा लोकेसना वावरमा शे. आबाना पाच आंडोर, तं ओटाले पाच बाजू. काळा ग्रॅनाइट, दर बाजूवर एक नाव. मगन मिस्तरीले चौकोन येस, गोल येस, पाचनं काही त्याले जमत नही. तू गणितनी बाई, कोन काढी दे. दगड धुळामाच भेटस, तूच उभी राहीसन कापी ले."

आंडोर म्हणजे मुलगा. आंडेर म्हणजे मुलगी, हेही त्या घरात सगळ्यांना ठाऊक होतं. फक्त आठवत नव्हतं.

"भाऊ, सहा केल्या तर?" ती म्हणाली. "सोपं जाईल. दोरीने गोल काढायचा, तीच दोरी त्या गोलावर टाकत गेलं की नेमके सहा कोपरे पडतात. कोन काढायचीही गरज नाही."

"अरे पन सहावं नाव कोनं टाकवानं?"

तिला वाटलं, हा प्रश्न विचारता विचारता त्याचं त्यालाच कळेल. ती थांबली. तो उत्तराची वाट पाहत होता, अगदी मनापासून.

"माझं," ती म्हणाली.

प्रेमराज हसला. वाईट हसला असता तर बरं झालं असतं. तिने फोन आपटला असता. पण त्याच्या मनात खोट नसायची, हीच तर त्याच्या बाबतीतली अडचण होती. तो लाडाने हसला, लहानपणी ती बैल हाकायचा हट्ट करायची तेव्हा हसायचा तसा.

"तुनं? बरं, टाकं समज. आडनाव कोनतं टाकवानं? आठलं का तठलं? पाटील टाकं तं तुना सासरना लोके हासतीन, बोरसे टाकं तं आमना गावना. आनि बहिननं नाव बापना ओटावर कोठे देखेल शे का तू?"

तिने पाहिलं नव्हतं. पारोळ्यापासून चाळीसगावपर्यंत रस्त्याच्या दोन्ही अंगांना शेतात असे कितीतरी ओटे होते आणि एसटीच्या खिडकीतून तिने ते पाहिले होते. कुठेच नव्हतं.

"जाऊ दे," ती म्हणाली. "काढून देते कोन."

धुळ्यात इतकी वर्षं काढून तिची भाषा पुस्तकी झाली होती आणि भाऊ तिला त्यावरून चिडवायचे. मनातल्या मनात मात्र त्या दिवशी तिने प्रेमराजला अस्सल अहिराणीत जे काय ऐकवलं, ते आबांनीही कधी बैलाला ऐकवलं नसेल.

जमिनीचं तिला काही वाटलं नव्हतं. पारोळ्याच्या तहसील कचेरीत जाऊन तिने हक्कसोडीवर सही केली, बाहेर येऊन पाचही भावांबरोबर भजी खाल्ली आणि हसत घरी आली. सगळ्याच बहिणी सोडतात. सही केली की आखाजीला माहेराहून न्यायला मूळ येतं, साडी मिळते, आंब्याची पाटी पोचते. जमीन काय डोक्यावर घेऊन जायची आहे?

पण आबांचं तसं नव्हतं. अर्धं अंग लुळं पडल्यावर आबा शेवटपर्यंत तिच्या धुळ्याच्या घरात होते, हॉलमधल्या दिवाणावर. तिच्या नवऱ्याने एका शब्दाने कुरकुर केली नाही, हे त्याचं मोठेपण. भाऊ यायचे, नाही असं नाही. भरताची वांगी आणायचे, केळीचे फणे आणायचे, आबांचे पाय चेपायचे आणि त्यांचं अंथरूण बदलायच्या वेळेआधी उठायचे. एकदा तिच्या शाळेतल्या दोघी बाई आबांना भेटायला आल्या होत्या. त्यांनी विचारलं, आबा, मुलंबाळं किती? दिपमाला त्यांच्या तोंडाला पेजेचा चमचा लावत होती. आबांनी तो बाजूला सारला, वाकडी झालेली जीभ जमेल तशी सरळ केली आणि छाती काढून म्हणाले, "पाच आंडोर शेतस मना." मग पुन्हा तोंड उघडलं. तिने चमचा लावला.

त्या दोघी बाई गेल्यावर ती मोरीत जाऊन रडली होती. हे तिने कुणालाच सांगितलं नव्हतं. सांगणार तरी काय, आबा खोटं थोडंच बोलले होते!

शाळेत बहुभुजाकृतीचा पाठ आला की दिपमाला पोरांना मैदानावर न्यायची. एकाला म्हणायची, सरळ चाल. थांब. आता थोडा वळ. पुन्हा तितकंच चाल, पुन्हा तितकंच वळ. पोरगं चालत वळत सुटलेल्या जागी परत येऊन उभं राहिलं, पहिल्यासारखं तोंड करून, की ती विचारायची, एकूण किती वळला? सगळे ओरडायचे, पूर्ण एक फेरी! बाजू पाच असोत की सहा, वळणं सगळी मिळून तेवढीच. पाच जणांत वाटली तर एकेकाला बहात्तर अंश वळावं लागतं, सहा जणांत वाटली तर साठ. एक बाजू वाढली म्हणून कुणाचं काही मोडत नाही, उलट प्रत्येकाला बारा अंश कमीच वळावं लागतं. तिच्या भावांना तेवढंच तर करायचं होतं. पण ते मैदानावर चालणारी पोरं थोडीच होते?

आखाजीच्या आदल्या दिवशी दुपारी छोटा हत्ती टेम्पो शेताच्या बांधाला लागला. ड्रायव्हरशेजारी दिपमाला बसून आली होती. मागे पेंढ्यावर पाच फरश्या आणि सगळ्यांत खाली, गोणपाटात गुंडाळलेली, सहावी. वैशाखाचं ऊन असं की कपाशीच्या पऱ्हाट्या उपटलेलं रान डोळ्यांना लागत होतं. पाचही भाऊ डोक्याला उपरणी बांधून लिंबाखाली उभे होते. मगन मिस्तरीने काँक्रीटचा ऐसपैस गोल बेड आधीच टाकून ठेवला होता.

"बहीन, ये," रतिलाल म्हणाला. "आमना सिव्हिल इंजिनेर उना."

सगळे हसले. तिलाही हसू आलं. भाऊ गोड होते हो तिचे! रुपचंदने माठातलं पाणी दिलं, साहेबरावने तिच्यासाठी खाट झटकली. समाधान पुढे येऊन पाया पडला. आई गेली तेव्हा तो रांगत होता आणि दिपमालाच्या कडेवर वाढला होता. तो तिला अक्का म्हणायचा, पण लहानपणी तापात आई म्हणून हाक मारायचा.

मगनने फरश्या उभ्या करायला घेतल्या. नाव बाहेर, उंची मांडीइतकी. आत मुरूम भरून वर फरशी घालायची होती. पहिली प्रेमराजची. तिच्या टोकाला रतिलालची भिडवली. मगनने सांध्यावर बोट फिरवलं आणि मान डोलावली. "बाई, काय कापेल शे! केस जावाव नही." तिसरी, चौथी. दिपमाला खाटेवर बसून पदराने वारा घेत होती, पण तिची नजर मगनच्या हातांवर होती. पाचवी समाधानची. ती बसवून मगन मागे सरकला आणि कमरेवर हात ठेवून बघत राहिला.

ओटा मिटला नव्हता. प्रेमराजच्या आणि समाधानच्या फरशीमध्ये एक तोंड उघडं राहिलं होतं, बरोबर एका फरशीएवढं.

"भाऊ," मगन म्हणाला, "आठे खिंड राही गई."

पाचही जण ओट्याभोवती गोळा झाले. रतिलालने फरश्या मोजल्या, जणू कमी भरल्या असत्या. प्रेमराजने दिपमालाकडे पाहिलं.

"दिपा, काय व्हयनं हाई? कोन चुकना का तुना?"

तिला हो म्हणता आलं असतं. चुकला म्हणाली असती तर चार दिवस चिडवलं असतं आणि सारं मिटलं असतं. ती खाटेवरून उठली.

"चुकला नाही, भाऊ. मी मुद्दाम साठचा केला. सहा बाजूंचा. सहावी फरशी गाडीत आहे, खाली."

समाधान आणि साहेबराव गाडीकडे गेले, दोघांनी मिळून ती फरशी उचलून आणली आणि लिंबाच्या सावलीत ठेवली. प्रेमराजने गोणपाट सोडलं. काळ्या चकचकीत दगडावर सोनेरी अक्षरं.

"दिपमाला झुलाल," समाधानने मोठ्याने वाचलं.

"आडनाव टाकलं नाही," दिपमाला म्हणाली. तिचा आवाज चिरकला. "तू म्हणाला होतास ना, आठलं का तठलं? कुठलंच नाही. बापाचं तेवढं आहे. बाप तर बदलत नाही ना रे, लग्न झालं म्हणून? मी त्यांचं हगणं-मुतणं काढलं, भाऊ. मला जमीन नको, काही नको. मला तिथे माझं नाव पाहिजे."

इतकं उघडं ती आयुष्यात बोलली नव्हती. मगन मिस्तरीने तोंड फिरवलं आणि उगाच थापी धुवायला लागला. रतिलालने घसा खाकरला. तिने मनाची तयारी केली होती; आता ओरडतील, म्हणतील शिकून शेफारली, म्हणतील नवऱ्याने शिकवून पाठवलं. सगळ्यांना देण्यासाठी तिच्याकडे उत्तरं होती.

पण प्रेमराज उकिडवा बसला. त्याने उपरण्याच्या टोकाने फरशीवरची धूळ पुसली आणि एकेका अक्षरावरून बोट फिरवलं. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. ते खोटं नव्हतं.

"मस्त कोरेल शे," तो म्हणाला. "आबाना जीव व्हता तुनावर, दिपा."

"मग?"

"मग काय? दगड कापेल शे, आनेल शे, तं टाकी थोडाच देतस? बसाडतस आम्ही बराबर." तो उठला आणि तिच्या खांद्यावर हात ठेवला. "तू घर जाय. ऊन लागी जाई. पुष्पा सांजोऱ्या करी राहयनी, तिले हात लाव. सकाय घागर तूच डोकावर लई येजो. मान तुना."

दिपमाला बांधावरून घरी निघाली तेव्हा तिचे पाय जमिनीला लागत नव्हते. एवढं सोपं होतं! उगाच आपण इतके महिने जळत बसलो, असं तिला वाटलं, आणि भावांबद्दल जे जे मनात बोललो होतो त्याची लाजही वाटली. गावात शिरताना पोरी लिंबाला झोके बांधून गौराईची गाणी म्हणत होत्या. तीही दोन ओळी गुणगुणत घरात शिरली.

स्वयंपाकघरात पुष्पाबाई, प्रेमराजची बायको, चुलीपुढे घामाने निथळत होती. दिपमालाने हात धुतले आणि सारण भरायला बसली. राहवेना म्हणून तिने सगळं सांगून टाकलं, कोनाचं, फरशीचं, प्रेमराजच्या डोळ्यांतल्या पाण्याचंसुद्धा.

पुष्पाबाईने झारा तेलात तसाच धरला. "खरंच बसाडतीन?"

"म्हणाला ना भाऊ."

"बरं व्हयनं मग." तिने सांजोरी उलटली. "तुमनं तं नाव कोराइ गयं, ताई. मनं आठेबी नही, मना बापकडेबी नही. मी मरसू तं राशनकार्डवरनंबी कटी जाई." असं म्हणून ती स्वतःच खदखदून हसली, आणि दिपमालाही तिच्याबरोबर हसली. किती दिवसांनी ती पोट धरून हसत होती.

संध्याकाळी भाऊ शेतातून आले. हातपाय धुऊन जेवायला बसले. दिपमालाने वाढता वाढता विचारलं, "झाला का रे ओटा?"

"एक नंबर व्हयना," रतिलाल म्हणाला. "सकाय देखजो."

समाधान ताटातून मान वर न काढता जेवत होता. दिवसभर दगड उचलून पोरगं दमलंय, असं तिला वाटलं. तिने त्याच्या पानात आमरसाची आणखी एक वाटी ठेवली.

एरवी आखाजीची घागर घरातच मांडतात. यंदा ओटा नवा म्हणून ती शेतात न्यायची ठरली होती. सकाळी उन्हं वर आली तशी सगळे भाऊबंद निघाले. पुढे हलगी, मग भाऊ पांढऱ्या टोप्या घालून, मग बाया नैवेद्याची ताटं घेऊन. दिपमालाच्या डोक्यावर नवी घागर होती, काठोकाठ भरलेली, तोंडावर खरबूज ठेवलेली. तिने माहेरची हिरवी साडी नेसली होती. चपला बांधावरच काढल्या. डोक्यावर भरली घागर असली की मान खाली घालता येत नाही, म्हणून ती ताठ मानेने, नजर समोर ठेवून चालत होती, आणि लांबून काळा ओटा उन्हात चकाकताना तिला दिसला.

जवळ गेल्यावर तिने डोळ्यांनीच नावं वाचायला सुरुवात केली. वाट समाधानच्या अंगाने येत होती. समाधान झुलाल पाटील. त्याच्या पलीकडे तिची फरशी असायला हवी होती.

तिथे फरशी नव्हती. विटांची भिंत होती, अर्ध्या उंचीची, वरून सिमेंट ओढलेलं. आणि त्या भिंतीवर, चढायला ठेवतात तशी आडवी, एक काळी फरशी बसवली होती. तिच्यावर हळदीकुंकवाची पाच बोटं ओढली होती. नाव कुठेच नव्हतं.

"देख!" प्रेमराज पुढे आला. त्याचा चेहरा आनंदाने फुलला होता. "कशी व्हयनी पायरी? ओटावर चढाले वाट पाहिजे, हाई आम्हाले कोनलेच सुचेल नव्हतं. म्हातारा मानसे काय उड्या मारतीन का? तुना कोनमुळे जागा सापडनी. मिस्तरी म्हने, बाईनी डोकं चालाडं."

"ती माझी फरशी आहे," दिपमाला म्हणाली. हलगीच्या आवाजात ते प्रेमराजपुरतंच ऐकू गेलं.

"तुनीच शे नं! दुसरी कोनी व्हई?" तो तिच्या कानाशी वाकला, आणि तो फार समजुतीने, फार मायेने बोलला. "नाव खाले करेल शे. नाववर लोकेसना पाय पडाले नको, पाप लागस. आनि पाठनी बाजू खरबड शे, तं पाय सटकाव नही. बठ्ठा इचार करीसन बसाडी. आते देख, आबाकडे जो कोनी जाई तो पहिले तुनावरथून जाई. आमनापेक्षा तुना मान मोठा, दिपा."

हे सांगून तो पाहुण्यांकडे वळला. "हाऊ कोन मनी बहीननी काढेल शे," तो अभिमानाने म्हणाला. "गणितनी बाई शे धुळाले. पाच बाजू आमन्या, सहावी बठ्ठासना साठे." चुलतभाऊ, मामा, सोयरे माना डोलावू लागले. कुणीतरी म्हणालं, शिकेल बाईनी बातच न्यारी. पुष्पाबाई मागे नैवेद्याचं ताट धरून उभी होती. तिने दिपमालाकडे एकदा पाहिलं, मग ताटावरचा रुमाल सारखा केला.

दिपमालाला ओरडावंसं वाटलं. घागर तिथेच त्या दगडावर आपटावी, फुटू दे खापरं, उडू दे पाणी सगळ्यांच्या पांढऱ्या टोप्यांवर. पण घागर आबांची होती. त्यांची पहिली. आणि खिंड तिनेच पाडली होती. तिचाच तीस, तिचाच साठ, तिच्याच हौसेने कापलेली फरशी, तिनेच गाडीत शेजारी बसून आणून दिलेली. या माणसांशी भांडायचं तरी कशावरून? त्यांनी तर तिला मान दिला होता. तो राग कुठे न्यावा तिला कळेना. डोळ्यांत पाणी आलं तर पुसायला हात मोकळा नव्हता.

"चल ना बहीन," मागून रतिलाल म्हणाला. "मानसे उनमा तपी राहयनात."

समाधान ओट्यावर चढून उभा होता. त्याने वरून हात पुढे केला. रात्रभर झोपला नसावा असे त्याचे डोळे लाल होते आणि तो तिच्या डोळ्यांत बघत नव्हता, तिच्या पायांकडे बघत होता.

"ये अक्का," तो हळूच म्हणाला. "ठेव पाय. हालत नही. सकायमाच आम्ही पाची भाऊसनी वर उभा राहीसन देखं."

दिपमालाने एका हाताने घागर सावरली, दुसरा त्याच्या हातात दिला आणि खाली न बघता पाय ठेवला.